काढून टाकलेला दावा पुन्हा लावताना

भावाविरुद्ध लावलेला जमिनीच्या वाटपाचा दावा कोर्टाने काढून टाकला म्हणजे आपण हरलो, असंच आमच्या घरात सगळे धरून चालले होते. मी, ताई, आमच्या दोघींचे यजमान, आणि दादासुद्धा. त्याने तर गावात पेढे वाटले असं चुलतभावाने नंतर सांगितलं. प्रत्यक्षात आमच्या हक्काबद्दल कोर्टाने बरंवाईट एक अक्षरही लिहिलेलं नव्हतं. हे कळायला मधे बरीच वर्षं गेली. कळल्यावर मग तोच दावा दुसऱ्यांदा लावणं हे पहिल्यापेक्षा किती निराळं काम आहे तेही कळलं. अशा अर्धवट बंद पडलेल्या दाव्यांवर बसलेल्या बहिणी खूप असतील, म्हणून सविस्तर लिहिते. मी वकील नाही. पतसंस्थेत नोकरी केलेली बाई आहे, कागद जपायची सवय तेवढी आहे.

आमची जमीन कृष्णाकाठची. आजोबांकडून वडिलांकडे आलेली नऊ एकर, त्यातली बहुतेक उसाची. ताईचं लग्न १९८८ साली झालं, माझं १९९२ साली. वडील २००१ मध्ये गेले. त्यांच्यानंतर सातबाऱ्यावर दादाचं नाव लागलं, पुढे ‘ए.कु.मॅ.’ म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर. आम्हा बहिणींची नावं कुठेच आली नाहीत, आणि खरं सांगायचं तर तेव्हा आम्हाला त्याचं काही वाटलंही नाही. भाऊ कसतोय, आई त्याच्याकडे आहे, दिवाळीला आपण जातोय, चाललंय.

वाटायला लागलं ते २०१२ साली. दादा चिंचवडला घरी आला तो हक्कसोडपत्राचा मसुदा घेऊनच. बँकेचं कर्ज काढायचंय, बहिणींच्या सह्या हव्यात. वहिनीने साड्या पाठवल्या होत्या. आमच्याकडे ही रीतच आहे, बहिणीने साडीचोळी घ्यायची आणि सही करायची. ताई म्हणाली, "सही करते, पण मला वाचून तरी दाखव." दादा चिडला. "भावावर विश्वास नाही का?" त्यावरून जे फाटलं ते आजतागायत. २०१३ मध्ये आम्ही दोघींनी तालुक्याच्या कोर्टात वाटपाचा दावा लावला.

आता थोडं कायद्याचं सांगते, कारण त्याशिवाय पुढचं समजणार नाही. हिंदू वारसा कायद्यात ९ सप्टेंबर २००५ पासून दुरुस्ती झाली आणि मुलगी मुलासारखीच जन्माने सहहिस्सेदार झाली. महाराष्ट्रात अशीच दुरुस्ती १९९४ मध्ये आधीच आली होती, पण ती २२ जून १९९४ च्या आधी लग्न झालेल्या मुलींना लागू नव्हती, म्हणजे आम्ही दोघी त्यातून वगळल्या गेलो. आमची सगळी मदार २००५ वर. आणि आमचा दावा चालू असताना, १६ ऑक्टोबर २०१५ ला, सुप्रीम कोर्टाने प्रकाश विरुद्ध फुलावती या प्रकरणात सांगितलं की २००५ च्या त्या तारखेला वडील हयात असतील तरच मुलीला हा हक्क. आमचे वडील चार वर्षं आधीच गेलेले.

म्हणून काहीच मिळणार नव्हतं असं नाही. जुन्या हिशोबात वडील वारण्याच्या आदल्या क्षणी वाटप झालं असं मानायचं. वडील, आई आणि दादा असे तीन वाटे. मग वडिलांच्या वाट्याचे चार भाग, आई, दादा, ताई आणि मी. म्हणजे मला बारावा हिस्सा, नऊ एकरात ३० गुंठे. २००५ चा कायदा लागू झाला तर वडील, आई आणि आम्ही तिघं भावंडं असे पाच वाटे, आणि वडिलांचा पाचवा वाटा पुन्हा चौघांत. म्हणजे प्रत्येकाला सरळ चौथा हिस्सा, ९० गुंठे, सव्वादोन एकर. बाराव्या आणि चौथ्या हिश्शात तिपटीचा फरक आहे.

आमच्या तेव्हाच्या वकिलांचा उत्साह २०१५ नंतर मावळला. "आता तुमच्या केसमध्ये फारसा दम राहिला नाही" असं ते एकदा म्हणाले. तारखेला यायची गरज नाही, मी आहे, असंही म्हणाले. पुढे त्यांची तब्येत बिघडली, ऑफिस बहुधा बंदच असायचं. फोन केला की पुढची तारीख कळायची, मग तीही कळेनाशी झाली. ताईच्या यजमानांचं आजारपण त्याच काळातलं. दावा आहे, चाललाय, कोर्टाचं काम असंच असतं, या समजुतीवर आम्ही होतो.

ऑगस्ट २०२० मध्ये विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा हा निकाल आला. तीन न्यायाधीशांच्या पीठाने फुलावतीचा निकाल चुकीचा ठरवला आणि सांगितलं की मुलीचा हक्क जन्माचा आहे, २००५ मध्ये वडील हयात होते की नव्हते याचा संबंध नाही. ताईने पेपरातलं कात्रण व्हॉट्सॲपवर पाठवलं. माझ्या भाच्याने ई-कोर्ट्सचं ॲप उघडून आमच्या नावाने शोधलं तेव्हा समोर आलं: केस डिस्पोज्ड, अनकंटेस्टेड, डिसमिस्ड इन डिफॉल्ट, म्हणजे गैरहजेरीमुळे काढून टाकलेली. तारीख नोव्हेंबर २०१७ ची. जवळजवळ तीन वर्षं आम्ही नसलेल्या दाव्याची वाट बघत होतो.

कोरोनामुळे मधला काळ तसाच गेला. २०२१ च्या अखेरीस आम्ही तालुक्याच्याच एका वकील मॅडमकडे गेलो. चाळिशीच्या असतील. मी आमची सगळी हकिकत सांगायला लागले तर त्यांनी मधेच थांबवलं. "हकिकत नंतर. आधी मला रोजनामा आणा."

रोजनामा म्हणजे कोर्टाची त्या दाव्याची रोजची नोंद. कोण आलं, कोण नाही, काय अर्ज दिला, काय हुकूम झाला. प्रत्येक तारखेच्या दोन-चार ओळी. ॲपवर दिसतं ते पुरत नाही, सहीशिक्क्याची नक्कल लागते. त्यासाठी नकलेचा अर्ज, त्यावर कोर्ट फी स्टँप, दाव्याचा नंबर, निकालाची तारीख. निकाली निघालेल्या दाव्यांची फाईल रेकॉर्ड रूमला गेलेली असते, तिथून ती शोधून वर यावी लागते. शोधणारा माणूस रजेवर असला की आपणही रजेवर. मी फक्त रोजनामा मागणार होते, पण मॅडमनी सांगितलं की अख्ख्या फाईलची घ्या, दावा, कैफियत म्हणजे प्रतिवादीचं लेखी उत्तर, निशाणी ५ चा म्हणजे तात्पुरत्या मनाईचा अर्ज, त्यावरचा हुकूम, जोडलेले कागद, सगळं. पैसे जातात, जाऊ देत. हा सल्ला पुढे फार उपयोगी पडला.

नक्कल हातात आली. शेवटच्या तारखेची नोंद एवढीच होती: वादी व वादीचे वकील पुकारा करूनही गैरहजर, प्रतिवादीचे वकील हजर, वादीस दावा चालविण्यात स्वारस्य दिसत नाही, सबब दावा काढून टाकण्यात येतो. मॅडमनी ‘प्रतिवादीचे वकील हजर’ या तीन शब्दांखाली पेन्सिलीने रेघ मारली.

त्या शब्दांवर सगळं अवलंबून होतं. दिवाणी प्रक्रिया संहितेत ऑर्डर ९ आहे, गैरहजेरीची. पुकारा झाल्यावर दोन्ही बाजूंचं कोणीच नसेल आणि दावा काढला गेला, तर तो रूल ३. तिथे वादीला सरळ नवीन दावा लावता येतो, मुदतीत असेल तर. पण प्रतिवादी हजर आणि वादी गैरहजर असेल तर तो रूल ८, आणि त्याच्यापुढचा रूल ९ म्हणतो की त्याच कारणावरून पुन्हा दावा लावता येणार नाही. फक्त जुना दावा पुन्हा नंबरावर घ्या असा अर्ज करता येतो. त्या अर्जाची मुदत ३० दिवस. आम्ही चार वर्षांनी विचारायला आलेलो.

त्या क्षणी मला वाटलं, संपलं. मॅडम मात्र शांत होत्या. त्यांनी दोन वाटा सांगितल्या. एक, जुना दावा उघडायचा, विलंब माफीच्या अर्जासह. चार वर्षांत का आलो नाही याचं कारण पटवून द्यायचं. कोरोनाचा काळ सुप्रीम कोर्टाने मुदतीतून वगळलाय, पण तो १५ मार्च २०२० पासून पुढचा, आमचे ३० दिवस डिसेंबर २०१७ मध्येच संपले होते. अर्ज मंजूर होईल की नाही हे न्यायाधीशांच्या मर्जीवर, आणि दादाने तो वरच्या कोर्टात नेला तर आणखी दोन-तीन वर्षं.

दुसरी वाट, नवीन दावा. "पण रूल ९ आडवा येतो ना?" मी विचारलं.

"वाटपाच्या दाव्यात तसा येत नाही," त्या म्हणाल्या. जमीन जोवर एकत्र आहे तोवर वाटप मागायचा हक्क रोज जिवंत असतो. पहिला दावा गैरहजेरीत गेला म्हणून एकत्र जमीन आपोआप दादाची होत नाही. पुन्हा वाटप मागा, त्याने पुन्हा नाकारलं की दाव्याला नवं कारण तयार होतं. रूल ९ मध्ये ‘तेच कारण’ असेल तर बंदी आहे, इथे ते तेच राहत नाही. उच्च न्यायालयांनी हे वेळोवेळी मान्य केलंय. त्यांनी हेही स्पष्ट सांगितलं की हे वाटपाचं आहे म्हणून. साठेखताचा, पैशाच्या वसुलीचा, नुकसानभरपाईचा दावा असता तर त्यांनी नवीन दाव्याला हातच लावला नसता. कोणी माझं वाचून भलत्या दाव्यात हा प्रयोग करू नये म्हणून हे मुद्दाम लिहिलं.

आणि पूर्वनिर्णय, म्हणजे एकदा ठरलेला वाद पुन्हा उकरायचा नाही हा नियम? तो तेव्हाच लागतो जेव्हा आधीच्या दाव्यात ऐकून, विचार करून निकाल झालेला असतो. आमच्या दाव्यात साक्षीपुरावा सुरूच झाला नव्हता. गंमत अशी की २०१६ मध्ये आमचे जुने वकील नेटाने लढले असते तर फुलावतीप्रमाणे बाराव्या हिश्शाचा निकाल लागला असता, आम्ही तो खालमानेने घेतला असता आणि कदाचित २०२० च्या आधीच अंतिम हुकूमनामा होऊन तो पक्काही झाला असता. मग २०२० चा निकाल आमच्या काही कामाचा नव्हता. गैरहजेरीने आम्हाला वाचवलं असं मी म्हणणार नाही, कारण तिने घातलेला खड्डाही पुढे दिसलाच. पण हा हिशोब मनातून जात नाही.

मुदतीचं म्हणाल तर आणखी एक बारकावा होता. एकत्र कुटुंबाच्या मिळकतीतून वगळलेल्या माणसाला दाव्यासाठी १२ वर्षं असतात, वगळल्याचं कळल्यापासून. वडील २००१ मध्ये गेले तेव्हापासून मोजलं तर कधीच संपली. पण भाऊ कसतोय आणि बहिणी मागत नाहीत याला वगळणं म्हणत नाहीत, एका हिस्सेदाराचा ताबा तो सगळ्यांचा ताबा धरतात. दादाने ‘यांचा हक्कच नाही’ असं पहिल्यांदा लेखी कुठे म्हटलं? जुन्या दाव्यातल्या कैफियतीत, २०१४ साली. तिथून १२ धरली तरी २०२६ पर्यंत वेळ आहे, पण तेवढा वेळ घालवायचा नाही, असं मॅडमचं म्हणणं. जुना दावा चालू होता तो काळ मुदतीतून वजा मिळतो का, हेही मी विचारलं, कारण तसं एकाने सांगितलं होतं. ते चुकीच्या कोर्टात दावा लावला गेला असेल किंवा तशाच काही दोषामुळे कोर्टाला तो चालवता आला नसेल तर. आपल्या गैरहजेरीला ती सवलत नाही.

मग सुरू झालं खरं काम. माझी कल्पना अशी की जुना दावा आहेच, तारखा बदलायच्या, सही करायची. मॅडमनी जुना दावा पहिल्या पानापासून वाचला आणि उणिवा लिहून काढल्या. त्यात गावठाणातलं घर नव्हतं. डोंगराकडचा जिरायत गट नव्हता, जुन्या वकिलांना तो कुणी सांगितलाच नसावा. वाटपाच्या दाव्यात एकत्र मिळकत सगळीच्या सगळी घालावी लागते, नाहीतर समोरचा म्हणतो हा अर्धवट वाटपाचा दावा आहे, चालत नाही. म्हणून मी आठ-अ चा उतारा काढला, त्यावरून प्रत्येक गटाचा सातबारा, ग्रामपंचायतीकडून घराचा नमुना आठ. डिजिटल सहीचा सातबारा पंधरा रुपयांत घरबसल्या मिळतो, ती एक सोय झालीय. जुने फेरफार मात्र तालुक्यातून काढावे लागले. आजोबांच्या नावापासून साखळी जुळली पाहिजे, नाहीतर जमीन वडिलोपार्जित आहे हे सिद्ध कशाने करणार? मोडीतला एक फेरफार वाचून घ्यायला साताऱ्यात जाणकार शोधावा लागला.

उतारे काढता काढताच खड्डा सापडला. बागायतीतला एक एकर २०१९ मध्ये विकला गेला होता. खरेदीखत झालेलं, फेरफार मंजूर, घेणारा गावातलाच. दावा चालू असताना विक्री झाली असती तर घेणाऱ्यावर दाव्याचा निकाल बंधनकारक राहतो. पण २०१७ ते २०२२ या मधल्या काळात कोर्टात काहीच नव्हतं, त्यामुळे संरक्षण देणारा तो कायदाही लागू नव्हता. मॅडम म्हणाल्या, घेणाऱ्याला प्रतिवादी करू आणि हे खरेदीखत आमच्या हिश्शापुरतं बंधनकारक नाही असा ठराव मागू. फार तर तो एकर दादाच्या वाट्यात धरला जाईल. तरी एक माणूस वाढला, त्याचा वकील वाढला, त्याच्या तारखा वाढल्या. माणूसही सज्जन आहे, कर्ज काढून जमीन घेतलेला. आम्हाला बघून मान फिरवतो, आणि मला त्याचा राग येत नाही.

आईला प्रतिवादी नंबर दोन करणं सगळ्यांत अवघड गेलं. ऐंशी वर्षांची आई, तिच्या दारात बेलीफ जाणार. ताई म्हणाली, आईचं नाव नको. पण वाटपात प्रत्येक हिस्सेदार दाव्यात असायलाच लागतो, एक जरी सुटला तरी दावा लंगडा. वादी म्हणून सही ती करणार नव्हती, मग प्रतिवादीच. मॅडमनी समजावलं की वाटपात वादी-प्रतिवादी हा फरक नावापुरता असतो, प्रतिवादीलाही त्याच दाव्यात आपला हिस्सा मागता येतो, आणि आईलाही चौथा हिस्सा आहे. गावात अर्थातच ‘पोरींनी आईवर केस केली’ असं झालं. मी आईला फोन करून आधीच सांगितलं होतं. ती म्हणाली, "मला काय विचारतीस, मी कुणाची हाय आता?" त्यावर काय बोलायचं?

नवं कारण तयार करायला आधी नोटीस. रजिस्टर पोस्टाने, पोचपावतीसह, दादाला: जमीन एकत्र आहे, आमचा प्रत्येकी चौथा हिस्सा मोजून द्या. त्याने वकिलामार्फत उत्तर दिलं की दावा केव्हाच फेटाळला गेलाय, विषय संपला. आम्हाला तेच हवं होतं. नकार तारखेसह कागदावर आला.

दाव्याच्या मसुद्यात एका परिच्छेदावर मात्र बराच वाद झाला. आमच्या ओळखीच्या एका निवृत्त कारकुनाने सांगितलं की जुन्या दाव्याचा उल्लेखच करू नका, समोरच्याने काढला तर बघू. मॅडमनी साफ नाही म्हटलं. सहाव्या परिच्छेदात सरळ लिहिलं: याच मिळकतीपैकी काहींबाबत वादींनी २०१३ मध्ये दावा केला होता, तो अमुक तारखेस गैरहजेरीत काढून टाकला, गुणदोषावर निर्णय झालेला नाही, नक्कल सोबत जोडली आहे. दाव्याखाली आपण शपथेवर सही करतो. एवढी गोष्ट लपवली आणि ती समोरच्याने काढली, तर न्यायाधीश पुढच्या प्रत्येक ओळीकडे संशयाने बघणार. शिवाय ॲपवर नाव टाकलं की मिनिटात दिसतं, लपवणार काय?

कोर्ट फीची मला धास्ती होती, कारण जमिनीची किंमत आता काय झालीय ते माहीत आहे. पण महाराष्ट्रात मालमत्तेच्या वादात महिलांना कोर्ट फी माफ आहे, १९९४ च्या अधिसूचनेने. पोटगी, हिंसाचार आणि घटस्फोटाच्या प्रकरणांतही आहे. पहिल्या दाव्याच्या वेळी ही माफी घेतली होती की नाही ते जुन्या फाईलवरून कळलं: नव्हती. आम्ही तेव्हा भरलेली फी कुठे गेली ते विचारत बसलो नाही.

जून २०२२ मध्ये दावा दाखल झाला. सोबत निशाणी ५ चा अर्ज, निकाल लागेपर्यंत जमीन विकू नये, गहाण टाकू नये म्हणून तूर्तातूर्त मनाईसाठी. आधीच्या विक्रीचं खरेदीखत दाखवल्यावर तो मंजूर झाला. दादाने समन्स घ्यायला टाळाटाळ केली. एकदा घरी नाही, एकदा शेतात, शेवटी बेलीफाने पंचांसमोर दाराला चिकटवलं तेव्हा त्याचे वकील हजर झाले.

त्यांनी कैफियतीच्या आधी टाकला तो ऑर्डर ७, रूल ११ चा अर्ज. म्हणजे हा दावा कायद्यानेच चालत नाही, उंबऱ्यावरूनच परत पाठवा. मुद्दे अपेक्षित तेच: आधीचा दावा रूल ८ खाली गेला, रूल ९ ची बंदी, मुदत संपलेली. आमच्या बाजूने एक गोष्ट होती. अशा अर्जावर कोर्ट फक्त दावा आणि त्याला जोडलेले कागद बघतं, प्रतिवादी काय म्हणतो ते बघत नाही. आमच्या दाव्यात जुन्या दाव्याची हकिकत, रोजनाम्याची नक्कल, नवीन नोटीस, नवीन नकार हे सगळं आम्हीच घातलेलं होतं. सहावा परिच्छेद नसता तर ‘महत्त्वाची गोष्ट लपवली’ हाच त्यांचा पहिला मुद्दा झाला असता. युक्तिवादाच्या दिवशी त्यांच्या वकिलांनी तरीही आवाज चढवून सांगितलं की साहेब, यांनी एकदा कोर्टाचा वेळ वाया घालवलाय. न्यायाधीशांनी मान वर न करता विचारलं, "जमिनीचं वाटप झालंय का?" ते म्हणाले, "तोंडी झालंय." "मग ते पुराव्यात बघू." अर्ज नामंजूर झाला, २०२३ च्या सुरुवातीला. त्यावर ते वर गेले नाहीत.

तोंडी वाटपाचं हे प्रकरण मला फार आवडतं. २०१४ च्या कैफियतीत दादाने म्हटलं होतं की वडील आणि त्याच्यात १९९५ साली तोंडी वाटप झालं. २०२३ च्या कैफियतीत तेच वाटप १९९९ साली झालं, आणि त्या वेळी आम्ही बहिणींनी लग्नातल्या खर्चापोटी हक्क सोडला. जुन्या फाईलची अख्खी नक्कल काढली होती ती इथे कामाला आली. दोन्ही कैफियती शपथेवरच्या, दोन्हींवर दादाची सही. शिवाय २००५ च्या कायद्यात २० डिसेंबर २००४ च्या आधीचं वाटप मानलं जातं ते नोंदणीकृत दस्ताने किंवा कोर्टाच्या हुकुमाने झालेलं. विनीता शर्मा निकालातही म्हटलंय की तोंडी वाटपाची सबब सहजी मानायची नाही, सरकारी कागदांचा भक्कम आधार असेल तरच अपवाद. दादाकडे १९९५ चा फेरफार नाही, १९९९ चाही नाही. आणि स्थावर मिळकतीतला हक्क सोडायचा तर नोंदणी केलेला दस्त लागतो, लग्नातल्या जेवणावळीने तो सुटत नाही. वाटप आधीच झालं होतं तर २०१२ मध्ये तो हक्कसोडपत्र घेऊन माझ्याकडे कशाला आला होता? हा प्रश्न उलटतपासात विचारायचा म्हणून मॅडमनी राखून ठेवलाय. तो मसुदा मी टाकला नाही, फाईलला आहे.

मुद्दे निघाल्यावर, म्हणजे वाद नेमका कशाकशावर आहे ते ठरल्यावर, न्यायाधीशांनी प्रकरण मध्यस्थीकडे पाठवलं. वर्षानुवर्षांनी आम्ही तिघं एका टेबलावर बसलो. दादा म्हातारा दिसला, मीही दिसले असेन. चहा आला, कुणी प्यायलं नाही. त्याने प्रस्ताव ठेवला की कोर्टकज्जा पुरे, प्रत्येकीला ३० गुंठे देतो, नदीच्या बाजूची, मोजणी करून. ऐकून ताई जरा विरघळली. तीस गुंठे म्हणजे काही कमी जमीन नाही, आणि कोर्टातून निकाल लागला तरी तो आधी प्राथमिक हुकूमनामा असतो, मग शेतजमिनीचं प्रत्यक्ष वाटप जिल्हाधिकाऱ्यांकडे जातं, तहसीलदार, भूमी अभिलेखची मोजणी, हरकती, आणि मग कुठे ताबा. आमची वयं बघता तिचं म्हणणं चुकीचं नव्हतं.

मी दादाला विचारलं, तीसच का? पंचवीस नाही, चाळीस नाही. तो म्हणाला, वकिलांनी सांगितलं तेवढंच बसतंय. फुलावतीच्या निकालाने बरोबर तेवढंच बसत होतं, बारावा हिस्सा. मी त्याला कागदावर पाच वाटे आणि वडिलांच्या वाट्याचे चार भाग मांडून दाखवले. आईचाही चौथा आहे हे सांगितलं. तो बराच वेळ आकड्यांकडे बघत होता. मग म्हणाला, विचार करून सांगतो, आणि पुढच्या बैठकीला आला नाही. मध्यस्थी अयशस्वी असा शेरा पडून दावा परत कोर्टात आला.

ताईचं सरतपासाचं शपथपत्र, म्हणजे तिची लेखी साक्ष, दाखल झालंय, आता तिचा उलटतपास आहे. लग्नात किती सोनं दिलं हेच ते विचारणार, आणि तिला पावशेर बांगड्यांपासून सगळं पाठ आहे.